सहा नवे चोपन्न

वरवट बकाल,
३० मार्च

सहदेवराव,

रामराम. आजच्या काळात व्याह्याने व्याह्याला पत्र लिहावं म्हणजे लोक हसतील. पण माझ्या कानाची कथा तुम्ही साखरपुड्यात पाहिलीच आहे. यंत्र लावून फोन घेतला की यंत्र शिट्टी मारतं, आणि काढून घेतला की मला निम्मंच ऐकू येतं. उरलेलं निम्मं मी मनाने भरतो. शाळेत मास्तर होतो तेव्हा पोरं बोलायची नि मी ऐकत नव्हतो, आता ऐकायची इच्छा आहे तर कान गेले! म्हणून पोरांना त्यांच्या मोबाईलवर बोलू द्या, आपण दोघे म्हातारे डाकेने बोलू.

कामाचं लिहितो. भटजींनी तारीख काढली आहे, रविवार, ३ मे. लग्न तुमच्या दारी, तुमच्या निंबखेडीत, ठरल्याप्रमाणे. एवढी एकच तारीख दोन्ही पत्रिकांना जुळते म्हणतात. सतरा मेला धोंड्याचा महिना लागतो, त्यात लग्नं नाहीत. तो संपला की पेरण्या, मग चातुर्मास, म्हणजे गाडी एकदम दिवाळीपलीकडे. लग्न लवकर उरकावं असं आम्हाला का वाटतं, ते कधी समोरासमोर बोलू.

माणसं आमच्याकडून तीनशेच्या वर नाही आणणार. हुंडा, मानपान काही नाही, हे एकदा बोललो, पुन्हा बोलत नाही. तुमच्या वैष्णवीने साखरपुड्यात माझ्या कानाशी येऊन मोठ्याने "चहात साखर किती?" विचारलं, त्याच वेळी मी हो म्हणून बसलो होतो.

होकार कळवावा.

हिंमतराव


निंबखेडी (देऊळघाटजवळ),
४ एप्रिल

आदरणीय हिंमतराव गुरुजी,

तुमचं पत्र मिळालं, फार आनंद झाला. अक्षर काय सुंदर आहे तुमचं! मी ते घरात सगळ्यांना दाखवलं, म्हणजे वरून वरून दाखवलं.

इकडे सर्व ठीक. हरभरा निघाला, चिखलीच्या बाजारात नेला, भाव बरा मिळाला. ऊन यंदा फार आहे. लिंबाच्या झाडाला मोहोर चांगला आहे. आमच्या म्हशीला पारडी झाली. विमलबाईंना सांगा, अन्नपूर्णा खरवस करते आहे, पण तो तिथवर टिकायचा नाही.

तारखेचं म्हणाल तर ३ मे आम्हाला थोडी अडचणीची आहे. घरगुती अडचण आहे, मोठं काही नाही. पुढची तारीख पाहावी, तर तुम्हीच लिहिलंय तसा धोंडा आडवा येतो. तेव्हा माझी हात जोडून विनंती आहे की आपण दिवाळीनंतर धरू. पोरं काही म्हातारी होत नाहीत.

राग मानू नये.

आपला,
सहदेव


वरवट बकाल,
८ एप्रिल

सहदेवराव,

पत्र मिळालं. त्यात हरभरा आहे, लिंबू आहे, म्हैस आहे, तिची पारडीही आहे. फक्त कारण नाही.

मी तुम्हाला लिहिलं होतं की घाई का, ते समोरासमोर बोलू. आता लिहूनच टाकतो. तीन वर्षांपूर्वी आमच्या भागवतचं एका ठिकाणी जमलं होतं. साखरपुडा झाला होता, कपडे झाले होते. मग त्यांचं असंच गोड पत्र आलं. घरगुती अडचण आहे, दिवाळीनंतर धरू. आम्ही साधी माणसं, धरून बसलो. दिवाळीत कळलं की मुलीचं लग्न दुसरीकडे लागूनही गेलं.  भागवत सकाळी उठून बियाण्याच्या दुकानात जायचा, संध्याकाळी यायचा, ताटातलं मुकाट्याने संपवायचा. मुलगा चिडला असता तर बरं वाटलं असतं. वर्षभर आमच्या घरात कोणी मोठ्याने हसलं नाही, आणि हे मला बहिऱ्यालाही कळत होतं.

तुमच्या वैष्णवीशी बोलायला लागल्यापासून तो शिट्टी वाजवतो. बेसूर वाजवतो म्हणे, मला ऐकू येत नाही हे नशीब.

तो तिला विचारतो, तर ती म्हणते, "बाबा मलेही काही सांगून नाही राह्यले." म्हणजे पोरीपासूनही लपवलं. विमलबाईंनी वैष्णवीसाठी आणलेला शालू घडी करून पुन्हा कपाटात ठेवला आणि म्हणाल्या, "मनात नसन तं सांगून द्या म्हणा. पण पोराले लटकाऊन ठेवू नका."

मीही तेच म्हणतो. नाही म्हणायचं असेल तर सरळ नाही म्हणा. मी राग धरणार नाही. पण दिवाळीनंतर म्हणू नका.

हिंमतराव


निंबखेडी,
११ एप्रिल

गुरुजी,

तुमचं पत्र मिळालं. पत्र अन्नपूर्णाच्या हाती लागलं आणि तिने मला ओसरीवर उभं केलं. "काऊन हो, पाण्यापायी पोरीचं लग्न मोडता का? सांगाले तोंड नाही का तुमाले?" तोंड होतं, पण लाज आडवी येत होती. आता सगळं सांगतो, मग तुम्ही ठरवा.

माझ्या मोठ्या पूनमचं लग्न सहा वर्षांपूर्वी झालं. ऐन उन्हाळा, गावात पाणी नाही. मी टँकर मागवला. पाणी कुठलं होतं देव जाणे, पण जेवणं झाली आणि तासाभरात निम्मं वऱ्हाड वावराकडे पळालं. नवरदेवाचे मामा मंडपात परत आलेच नाहीत, परस्पर गावी गेले. आजही आमच्याकडे त्या लग्नाला 'पळापळीचं लग्न' म्हणतात. मी त्याच दिवशी मारुतीसमोर नारळ फोडून सांगितलं की माझ्या दारी लग्नाला पुन्हा टँकर लागणार नाही. लग्न लागेल ते गावाच्या रीतीच्या पाण्यावरच.

रीत अशी. लग्नघरी गावातल्या प्रत्येक घरातून दोन गुंड, म्हणजे दोन घागरी, पाणी येतं. बाया गुंडाला हळदकुंकू लावून आणतात, मुलीचा बाप हौदापाशी नारळ घेऊन उभा राहतो. लग्नाच्या आदल्या दिवशीचं ताजं पाणी पाहिजे, शिळं चालत नाही. आणि दोन्ही आळ्यांचं पाहिजे. आमच्या वडिलांच्या लहानपणी वरची आळी खालच्या आळीचं पाणी घेत नव्हती. वडिलांनी स्वतःच्या लग्नापासून हट्टाने ते घ्यायला सुरुवात केली, लोकांची बोलणी खाऊन. आता मी खालच्या आळीचा गुंड न घेता लग्न लावलं, तर ते लोक काही बोलणार नाहीत. पण पंगतीला बसणारही नाहीत, आणि ते बरोबरच आहे.

आता अडचण. उन्हाळा लागला म्हणून गावाने नळाच्या पाळ्या बदलल्या. रामनवमीच्या दुसऱ्या दिवशी, २७ मार्चला, दोन्हीकडे एकदम पाणी सोडलं आणि तिथून पाळी धरली. वरच्या आळीला दर सहाव्या दिवशी, खालच्या आळीला दर नवव्या. दोन्हीकडे एकाच दिवशी पाणी पुन्हा कधी येईल? मी शाळा चौथीपर्यंतच शिकलो, पण पाढे मला झोपेतही येतात. सहा नवे चोपन्न. म्हणजे २७ मार्चपासून चोपन्नावा दिवस, २० मे. नेमका धोंड्यात! तुमच्या ३ मेच्या आदल्या दिवशी वरच्या आळीला पाणी आलं तर खालची कोरडी, खालच्या आळीला आलं तर वरची. मी कॅलेंडरपुढे दोनदा बसलो, सहा नवे चोपन्नच येतात.

हे तुम्हाला कसं लिहायचं? नवऱ्या मुलाच्या बापाला सांगू, की माझ्या दारी पाणी नाही? म्हणून घरगुती अडचण लिहिली. वैष्णवीला सांगितलं नाही, कारण ती म्हणाली असती टँकर आणा, आणि मला तिला नाही म्हणता आलं नसतं.

मनात नाही असं स्वप्नातही आणू नका. भागवतराव मला मुलासारखे आहेत. शालू कपाटातून काढा, एवढंच मागणं आहे.

सहदेव


निंबखेडी,
१४ एप्रिल

गुरुजी,

तीन दिवसांपूर्वीच पत्र टाकलं, ते तुमच्या हातात पडायच्या आधी हे दुसरं लिहितो आहे. मला काही सुचत नाही.

आज भीमजयंती. सकाळी आमच्या वरच्या आळीत नळ आला. मी पाणी भरून, आंघोळ करून खालच्या आळीत जयंतीला गेलो. तिथे प्रत्येक दारासमोर नळ वाहत होता! बाया अंगणात सडे टाकत होत्या, पोरं एकमेकांवर पाणी उडवत होती. मी मधोमध खांबासारखा उभा राहिलो. अंगणवाडीवाली पुष्पांजली म्हणाली, "काका, असे काऊन उभे? बिमार हा काय?" आणि तिने मला तांब्याभर पाणी दिलं. मी ते गटागटा प्यालो नि तिलाच विचारलं, "हे पाणी आजचं?" ती हसायलाच लागली.

मला वाटलं, नळ सोडणाऱ्या उकंडरावाने जयंतीसाठी पदरचं पाणी सोडलं असेल. त्याला टाकीपाशी गाठलं. तो म्हणाला, "सहदेवभाऊ, म्या काय मनानं सोडून राह्यलो काय? आज दोन्ही आळीची पाळीच हाये." बोर्डावर लिहिलेलंही दाखवलं.

चोपन्न दिवस कुठे झाले? अठराच झाले आहेत. गुरुजी, तुम्ही तीस वर्षं गणित शिकवलं. पाढा तर चुकला नाही ना? आजवर कधी चुकला नाही हो!

सहदेव


वरवट बकाल,
१४ एप्रिल

सहदेवराव,

तुमचं ११ तारखेचं पत्र काल सकाळी मिळालं. मी ते विमलबाईंना मोठ्याने वाचून दाखवलं. नवरदेवाचे मामा परत आलेच नाहीत, इथे आलो आणि दोघेही हसायला लागलो. हसता हसता त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, ते निराळ्या कारणाने. त्यांनी उठून कपाट उघडलं. मला शालूचा कागद वाजलेला ऐकू आला नाही, पण नंतर शालू पलंगावर दिसला. आम्हाला काय वाटलं होतं, नि निघालं काय. पाणी! भल्या माणसा, पहिल्याच पत्रात लिहिलं असतं तर चार दिवस आमच्या घशाखाली घास उतरला असता.

आता मी तुमचा व्याही नाही, मास्तर आहे. नीट बसा.

तुमचा पाढा बरोबर आहे. प्रश्न चुकला आहे. दोन पाळ्या कधी जुळतील, हे विचारलं की पोरं दोन्ही आकडे गुणून मोकळी होतात. दरवर्षी, दर वर्गात. मी डस्टर आपटून सांगायचो, गुणू नका, भेटवा! सहाचा पाढा लिहा: सहा, बारा, अठरा. नऊचा लिहा: नऊ, अठरा. भेटले की नाही? चोपन्नालाही भेटतात, छत्तीसलाही भेटतात, पण पहिली भेट अठराला. तिलाच आम्ही लसावि म्हणतो, लघुत्तम साधारण विभाज्य. नाव लांबलचक आहे म्हणून लोक घाबरतात. लघुत्तम म्हणजे सगळ्यांत लहान, एवढंच लक्षात ठेवा.

असं का होतं, तेही सांगतो. सहा म्हणजे तीन दुणे, नऊ म्हणजे तीन त्रिक. तीन दोघांच्याही घरात आहे. दोन घरांत एक सामाईक भिंत असेल तर ती एकदाच बांधायची असते. तुम्ही गुणाकार करून ती दोनदा बांधलीत. भिंत एकदा, मग सहाकडचे दोन, नऊकडचे तीन, तीन दुणे सहा, सहा त्रिक अठरा. आकडे सात नि नऊ असते तर सामाईक काही नव्हतं, मग तुमचा गुणाकारच बरोबर होता. मला विचाराल तर माझ्या रक्तदाबाच्या गोळ्यांची पट्टी दहाची, साखरेची पंधराची. दोन्ही रोज एकेक. दोन्ही पट्ट्या एकदम संपतात तिसाव्या दिवशी, मी महिन्याला एकदाच औषधाच्या दुकानात जातो. तुमच्या हिशेबाने गेलो असतो दीडशेव्या दिवशी, तोवर थेट वरच पोहोचलो असतो.

तर २७ मार्चपासून अठरा दिवस म्हणजे आज. हे पत्र वाचाल तेव्हा आज दोन्ही आळ्यांत पाणी आलं होतं की नाही, आठवून पाहा. आलं नसेल तर मी तीस वर्षं पोरांना चुकीचं शिकवलं, आणि तुमच्या मारुतीपुढे उठाबशा काढीन. आलं असेल तर आणखी अठरा मोजा.

२ मे येतो. लग्नाचा आदला दिवस.

हिंमतराव


निंबखेडी,
१८ एप्रिल

गुरुजी,

आपली पत्रं वाटेत एकमेकांना ओलांडून गेली. उठाबशा वाचल्या तुमच्या.

तुमचं पत्र मी टाकीपाशी उभ्या उभ्या वाचलं आणि तिथेच खाली बसलो. उकंडराव धावत आला, "काय झालं भाऊ, कोनी गेलं काय?" मी म्हटलं, "नाही रे बाबा, कोनी येऊन राह्यलं. वऱ्हाड येऊन राह्यलं!" छातीवर ठेवलेला दगड कोणी तरी उचलून बाजूला केला असं वाटलं. पंधरा दिवस नुसतं जेवत होतो, त्या दिवशी पहिल्यांदा चवीने जेवलो.

वैष्णवीला सगळं सांगितलं. पोर रडायलाच लागली. मला म्हणाली, "बाबा, मले वाटलं तुमाले भागवत पसंत नाही." गुरुजी, एका गुणाकारापायी मी किती जणांना किती वाटायला लावलं! मग डोळे पुसून म्हणाली, "मले विचारलं असतं तं दोन मिनिटात सांगतलं असतं, हे सहावीले होतं आम्हाले." आता घरात मला कोणी काही विचारलं की ती आतून ओरडते, "बाबा, गुणू नका, भेटवा!"

पण मी हार मानणारा नाही. काल पत्रावळी आणायला चिखलीला गेलो. पत्रावळीचा गठ्ठा पन्नासचा, द्रोणाचा ऐंशीचा. एकही उरू नये नि कमी पडू नये, म्हणून तिथेच दुकानात विचार केला. दहा पंचे पन्नास, दहा आठे ऐंशी. सामाईक भिंत दहाची, एकदाच बांधायची. दहा पंचे पन्नास, पन्नास आठे चारशे. माणसं आठशे, म्हणजे त्याच्या दुप्पट. पत्रावळीचे सोळा गठ्ठे, द्रोणांचे दहा. दुकानदार म्हणाला, "काका, एवढा हिशेब कोनी करत नाही, दोन्हीचे वीस-वीस न्या." मी म्हटलं, माझे व्याही मास्तर आहेत.

जुन्या पद्धतीने गेलो असतो तर चार हजार आणले असते. अख्ख्या तालुक्याला जेवू घालावं लागलं असतं.

बरोबर आहे का, तेवढं कळवा. ३ मे पक्की.

तुमचा विद्यार्थी,
सहदेव


वरवट बकाल,
२२ एप्रिल

सहदेवराव,

बरोबर. दहापैकी दहा. एक गुण कापणार होतो, दुकानदारापुढे फुशारकी मारल्याबद्दल, पण विमलबाईंनी कापू दिला नाही.

भागवत सकाळपासून शिट्टी वाजवतो आहे. आज मी मुद्दाम यंत्र लावून ऐकली. खरंच बेसूर आहे. ऐकत बसलो तरी.

२ मेला संध्याकाळी उकंडरावांच्या पायावर माझ्या नावाने नारळ ठेवा. गणित आपल्या हातात असलं तरी मोटार त्यांच्या हातात आहे.

हिंमतराव


निंबखेडी,
७ मे

गुरुजी,

तुम्ही वऱ्हाड घेऊन ३ मेच्या सकाळी आलात, तेव्हा हौद भरलेला पाहिलात. तो भरताना पाहिला नाहीत, म्हणून लिहितो.

२ मेला पहाटे मी नळापाशी जाऊन बसलो. अन्नपूर्णा म्हणाली, "अजून उजाडलं नाही, त्यो काय तुमच्यासाठी आधी येईन काय?" सात वाजून गेले तरी नळात फक्त हवा. माझा जीव खालीवर. आठच्या सुमाराला नळ खोकला, गढूळ आला, मग स्वच्छ. मी तसाच अनवाणी खालच्या आळीकडे पळत सुटलो. लोकांना वाटलं, सहदेवकडे पुन्हा पळापळ सुरू झाली! खालीही पाणी आलं होतं. उकंडराव टाकीवरून ओरडला, "नारळ तयार ठेवा भाऊ!"

दुपारी चारला बाया निघाल्या. पहिला गुंड पुष्पांजलीचा, खालच्या आळीतला. मी वडिलांचं नाव घेऊन नारळ फोडला. हौद काठोकाठ भरला, तरी बाया येतच होत्या, शेवटी शेजारच्या टाक्या भरल्या. दुसऱ्या दिवशी आठशे माणसं जेवली. तुमचे पाहुणे मंडपातून हललेसुद्धा नाहीत, तसेच पानसुपारी खात बसले. पूनमचे मामसासरेही आले होते, ते पळून गेलेले. त्यांनी तीन द्रोण मठ्ठा पिऊन मला, त्यांच्या व्याह्याला, म्हटलं, "इवाई, आज काही भीती वाटून नाही राह्यली." गुरुजी, मी मागे जाऊन रडलो. पोरगी जाते म्हणून रडतो असं सगळ्यांना वाटलं. ते होतंच, पण निम्मं रडू सुखाचं होतं.

पत्रावळ्या पुरल्या. द्रोण चार कमी पडले, ते मठ्ठ्याचे.

आता आमंत्रण. सतरापासून धोंड्याचा महिना लागतो. जावयाला धोंड्याचं जेवण घालायचा मान आमचा. अनारसे, पुरणाचे धोंडे, सगळं अन्नपूर्णा करते आहे. भागवतराव नि वैष्णवीला पाठवा, आणि तुम्ही दोघेही या. दिवस मी स्वतःच काढला आहे, भटजींना विचारलं नाही. २० मे.

कॅलेंडर पाहू नका, सांगतो. २७ मार्चपासून चोपन्नावा दिवस. त्या दिवशीही दोन्ही आळ्यांत नळ येणार. सहा नवे चोपन्न, माझं उत्तर चुकलेलं नव्हतं गुरुजी. ते लग्नाचं नव्हतं, जावयाच्या धोंड्याचं होतं.

तुमचा,
सहदेव